वेतनाची थकबाकी : मर्जी, कर्ज आणि हक्क

नांदेडहून उत्तरेकडे निघालेला रस्ता अर्धापूर ओलांडून वारंगा फाट्याशी येतो व तेथे त्याच्या दोन वाटा होतात. एक वाट आखाडा बाळापूर व कळमनुरीवरून हिंगोलीस जाते. दुसरी हदगाव, उमरखेड या मार्गाने पैनगंगेपलीकडे वऱ्हाडात उतरून यवतमाळकडे जाते. कळमनुरी तालुक्यातील हे ठिकाण १९९९ पर्यंत परभणी जिल्ह्यात होते. त्या वर्षी हिंगोली हा स्वतंत्र जिल्हा झाला. या दोन वाटांच्या टोकांशी असलेल्या प्रदेशांना एकाच वादाने इतिहासात जोडून ठेवले आहे. हिंगोली येथे १८१९ पासून १९०३ पर्यंत हैदराबाद कंटिंजंट या फौजेची छावणी होती. आणि त्या फौजेच्या पगाराच्या थकबाकीपायी १८५३ साली निजामाला वऱ्हाड प्रांत इंग्रजांच्या हाती द्यावा लागला.

राज्याच्या सेवकांचा पगार थकल्यामुळे एका प्रांताचा कारभारी बदलला, एवढे या घटनेचे वर्णन करून इतिहासकार सहसा पुढे जातात. परंतु तिच्यात एक प्रश्न दडलेला आहे. पगार थकला तो शिपायाचा. मग त्या थकबाकीबद्दल मागणी करण्याचा अधिकार कोणाचा होता? १८५३ च्या तहात मागणी करणारी कंपनी होती. त्यापूर्वी मागणी करणारी पामर कंपनीची पेढी होती. शिपाई कोठेच वादी नव्हता. सरकारी नोकराने स्वतःच्या थकलेल्या वेतनासाठी सरकारवर दावा आणावा आणि न्यायालयाने त्याचा हुकूमनामा करून द्यावा, ही गोष्ट भारतात निर्विवाद होण्यास १९५४ साल उजाडावे लागले. या दोन सालांमधील वाटचाल पाहिली, तर असे दिसते की वेतनावर हक्क सांगण्याचा मान प्रथम सेवकाच्या किंवा राज्याच्या धनकोला मिळाला, सेवकाला तो मागाहून मिळाला; आणि मिळाला तोही धनकोच्या हक्काचा आधार घेऊनच.

१. वरात आणि धरणे

जुन्या मराठी राज्यव्यवहारात नोकराचा मुशाहिरा रोख हातात पडेलच असे नसे. पुष्कळदा तो एखाद्या महालाच्या किंवा गावाच्या वसुलावर वरात देऊन भागविला जाई. वरात हाती आली म्हणजे पैसा हाती आला असे होत नसे. तो वसूल करण्याचे कामही बहुधा वरातदाराच्याच गळ्यात पडे. मध्यंतरीच्या पोटापाण्यासाठी रोजमुरा मिळे आणि उरलेल्या रकमेचा हिशेब पुढे लोंबत राही. हैदराबादेत तनख्याची स्थिती याहून निराळी नव्हती. तेथील अरब व रोहिले शिपायांच्या तुकड्यांचे पगार दीर्घकाळ थकत. त्यांचे जमादारच सावकारी करीत आणि पगाराच्या मोबदल्यात मुलूख ताब्यात ठेवीत.

अशा वेळी थकबाकीदारास उपलब्ध असलेला उपाय म्हणजे तगादा आणि धरणे. शिपाई सरदाराच्या किंवा दिवाणाच्या दारात बसत, त्याचे जाणे-येणे व अन्नपाणी रोखीत, आणि काही रक्कम पदरात पडल्यावर उठत. हा उपाय ओबडधोबड होता, परंतु त्यामागे एक स्पष्ट समजूत होती : चाकरी केली आहे, म्हणून देणे निर्माण झाले आहे. मराठीतील ‘पगार’ हा शब्द पोर्तुगीज भाषेतून आला असून त्याचा मूळ अर्थ देणे, चुकते करणे असा आहे, हे या संदर्भात लक्षात घेण्यासारखे आहे.

ब्रिटिश अमलात हा मार्ग अरुंद होत गेला. १८६० च्या भारतीय दंडसंहितेच्या ५०८ व्या कलमात, ईश्वरी कोपाची भीती घालून एखाद्यास काही करावयास भाग पाडणे हा गुन्हा ठरविण्यात आला, आणि त्याचे पहिलेच उदाहरण म्हणून त्या हेतूने दुसऱ्याच्या दारात धरणे धरून बसणाऱ्या माणसाचे देण्यात आले. जुन्या उपायाचा धाक असा कायद्याने काढून घेतला. त्याच्या जागी सरकारी नोकराला कोणता नवा उपाय मिळाला, हा प्रश्न मात्र पुढे जवळजवळ शंभर वर्षे अनिर्णित राहिला.

२. हिंगोलीची फौज आणि वऱ्हाडचा मुलूख

१८०० च्या तहान्वये निजामाने युद्धप्रसंगी कंपनीस सहा हजार पायदळ व नऊ हजार घोडदळ पुरवावे असे ठरले होते. शांततेच्या काळातही इंग्रज अधिकाऱ्यांच्या हाताखाली कायमची फौज पोसावी, असे त्या तहात नव्हते. तथापि रेसिडेंट हेन्री रसेल याच्या कारकिर्दीत आणि दिवाणगिरीची सूत्रे चालविणारा चंदुलाल याच्या संमतीने अशी फौज उभी राहिली. तीच पुढे हैदराबाद कंटिंजंट म्हणून ओळखली गेली, आणि हिंगोली हे तिच्या प्रमुख ठाण्यांपैकी एक झाले.

या फौजेचा पगार नियमित मिळाला पाहिजे, असा इंग्रज अधिकाऱ्यांचा कटाक्ष होता. निजामाच्या खजिन्यात तर पैसा वेळेवर जमत नसे. ही फट विल्यम पामर आणि कंपनी या हैदराबादच्या पेढीने भरून काढली. देशी संस्थानिकांस कर्ज देण्याची ब्रिटिश प्रजाजनांना असलेली मनाई या पेढीपुरती १८१६ साली गव्हर्नर जनरलच्या परवानगीने शिथिल झाली. पेढीने फौजेच्या पगारासाठी रकमा पुरविल्या, जबर व्याज लावले आणि वसुलासाठी महाल लावून घेतले. १८२० साली तिने साठ लाखांचे आणखी एक मोठे कर्ज दिले. त्याच वर्षी रेसिडेंट म्हणून आलेल्या चार्ल्स मेटकाफ याने हा व्यवहार उघडकीस आणला. अखेर १८२३ मध्ये उत्तर सरकार प्रांताबद्दल कंपनी निजामास दरसाल देत असलेली सात लाखांची पेशकश कायमची विकत घेण्यात आली. तिच्या मोबदल्यात आलेल्या सुमारे एक कोटी साडेसोळा लाख रुपयांतून पामर पेढीचे देणे भागविण्यात आले.

फौज मात्र राहिली आणि तिचा खर्चही राहिला. निजामाचा खजिना अपुरा पडला की कंपनीचा खजिना पगार भागवी आणि ती रक्कम निजामाच्या नावे कर्ज म्हणून मांडी. डलहौसीच्या काळी ही बाकी पन्नास लाखांच्या घरात गेली. २१ मे १८५३ च्या तहाने वऱ्हाड, धाराशिवकडील जिल्हे व रायचूरचा दुआब हे प्रदेश फौजेच्या खर्चासाठी इंग्रजांच्या कारभाराखाली देण्यात आले. १८६० साली धाराशिव व रायचूर परत मिळाले आणि पन्नास लाखांचे कर्ज माफ झाले, पण वऱ्हाड परत आले नाही. १९०२ साली ते दरसाल पंचवीस लाखांच्या मोबदल्यात कायमच्या पट्ट्याने देण्यात आले. पुढच्या वर्षी कंटिंजंट हिंदी सैन्यात विलीन झाली आणि हिंगोलीची छावणी उठली. सार्वभौमत्व निजामाचे आहे हे कागदोपत्री शेवटपर्यंत मान्य होते; वसूल व कारभार मात्र धनकोकडे गेला होता.

या प्रकरणात दोन गोष्टी ध्यानात ठेवण्याजोग्या आहेत. पहिली, पगार कोणाला वेळेवर मिळावा हे हक्काने ठरत नव्हते, तर पाठीशी कोण उभे आहे यावरून ठरत होते. हिंगोलीच्या छावणीतील शिपायाचा पगार कंपनी भागवीत असताना निजामाच्या इतर तुकड्यांतील शिपाई धरणे धरीत होते. दुसरी, पगाराची रक्कम ज्याने उसनी दिली त्याचे देणे व्याजासह कर्ज मानले गेले आणि त्यासाठी मुलूख लावून देण्यात आला. ज्याने चाकरी केली त्याची बाकी ही कारभारातील अडचण मानली गेली.

३. राजमर्जीचा सिद्धान्त

इंग्रजी विधिविचारात राजाचा सेवक राजाची मर्जी असेपर्यंत सेवेत असतो, असा जुना सिद्धान्त होता. त्याला कामावरून केव्हाही दूर करता येई. या सिद्धान्तातून पुढचे एक अनुमान काढले गेले : सेवा मर्जीवर, म्हणून वेतनही मर्जीवर. स्कॉटलंडमधील मुलव्हेना विरुद्ध ॲडमिरल्टी या १९२६ च्या निवाड्यात हे अनुमान स्पष्ट शब्दांत मांडले गेले. तेथे वाद एका सरकारी नोकराच्या वेतनावरील जप्तीचा होता. सरकारी नोकराचा वेतनावरचा हक्क हा करारातून निर्माण झालेल्या ऋणाचा नसून राजाच्या औदार्यावर अवलंबून असतो, असे लॉर्ड ब्लॅकबर्न यांनी म्हटले. सेवकालाच वसुलीचा हक्क नाही, तेव्हा त्याच्या धनकोला तरी तो कोठून येणार, असा त्यामागील तर्क होता.

भारतात परिस्थिती काही अंशी निराळी होती. इंग्लंडमध्ये राजाविरुद्ध दाद मागताना विनंतीअर्जाची विशेष पद्धती अवलंबावी लागे. भारतात मात्र ईस्ट इंडिया कंपनीवर जसा दावा करता येत असे, तसा तो १८५८ नंतर भारतमंत्र्यावर करता येत होता. १९३५ च्या भारत सरकार कायद्याच्या २४० व्या कलमाने राजमर्जीचा सिद्धान्त कायम ठेवला, परंतु त्याला दोन बंधने घातली. नेमणूक करणाऱ्या अधिकाऱ्याहून कनिष्ठ अधिकाऱ्याने नोकरास बडतर्फ करू नये, हे पहिले बंधन. आणि बडतर्फीपूर्वी वा पदावनतीपूर्वी त्याला बाजू मांडण्याची वाजवी संधी द्यावी, हे दुसरे. ही दोन्ही बंधने पुढे संविधानाच्या ३११ व्या अनुच्छेदात आली आणि मर्जीचे तत्त्व ३१० व्या अनुच्छेदात राहिले.

आता प्रश्न असा उभा राहिला की, बडतर्फी बेकायदेशीर ठरली तर मधल्या काळातील वेतनाचे काय? पंजाब प्रांत विरुद्ध ताराचंद या प्रकरणात १९४७ साली फेडरल कोर्टाने असा निर्णय दिला की, थकलेल्या वेतनासाठी दावा चालतो. तथापि त्यास मुदत कायद्यातील तीन वर्षांची मर्यादा लागू होते. परंतु पुढच्याच वर्षी प्रिव्ही कौन्सिलने आय. एम. लाल यांच्या प्रकरणात विरुद्ध भूमिका घेतली. सनदी सेवेतील या अधिकाऱ्याची बडतर्फी रीतसर संधी न दिल्यामुळे निरर्थक ठरविली गेली. तो अजूनही सेवेत आहे असे जाहीर झाले. आणि तरीही मुलव्हेना निवाड्याचा आधार घेऊन त्याला थकलेले वेतन नाकारण्यात आले. नोकरी आहे पण पगार मागता येत नाही, अशी ही विलक्षण स्थिती होती.

४. १९५४ चा निर्णय

बिहार राज्य विरुद्ध अब्दुल मजीद या प्रकरणाने ही कोंडी फोडली. वादी पोलीस खात्यात फौजदार होता. त्याची नेमणूक पोलीस महानिरीक्षकाने केली होती आणि बडतर्फीचा हुकूम उपमहानिरीक्षकाने दिला होता. अर्थात २४० व्या कलमातील पहिल्या बंधनाचा भंग झाला होता. तो पुन्हा कामावर घेतला गेला, परंतु मधल्या काळातील पगार देण्यास सरकार तयार नव्हते. सरकारची भिस्त लाल प्रकरणावर होती. सरन्यायाधीश मेहरचंद महाजन यांनी दिलेल्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ताराचंद प्रकरणातील मत ग्राह्य मानले आणि सरकारी नोकरास थकलेल्या वेतनासाठी दावा करता येतो, हे निश्चित केले.

या निर्णयातील एक युक्तिवाद प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने विशेष महत्त्वाचा आहे. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ६० व्या कलमानुसार सरकारी नोकराचे वेतन, काही ठरावीक भाग वगळता, त्याच्या धनकोला जप्त करता येते. एकविसाव्या आदेशातील ४८ व्या नियमानुसार न्यायालय वेतन अदा करणाऱ्या अधिकाऱ्यास ती रक्कम कापून पाठविण्याचा हुकूम देऊ शकते. म्हणजे धनको सरकारकडून नोकराचे वेतन न्यायालयामार्फत वसूल करू शकतो. जे ऋण नाही ते जप्त कसे होईल? आणि जे धनकोला वसूल करता येते ते खुद्द सेवकाला वसूल करता येत नाही, असे कसे म्हणता येईल? प्रिव्ही कौन्सिलसमोर संहितेतील या तरतुदी आणि ताराचंद प्रकरण मांडले गेले नव्हते, याकडेही न्यायालयाने लक्ष वेधले.

मुलव्हेना निवाड्याचा तर्क येथे उलट दिशेने चालविला गेला. स्कॉटलंडच्या न्यायाधीशांनी सेवकाच्या हक्काच्या अभावावरून धनकोच्या हक्काचा अभाव सिद्ध केला होता. भारताच्या न्यायाधीशांनी धनकोच्या कायद्याने मिळालेल्या हक्कावरून सेवकाचा हक्क सिद्ध केला. पामर पेढीच्या काळी धनकोचा हक्क सेवकाच्या आड उभा होता. आता तोच सेवकाच्या हक्काचा पुरावा झाला. वेतन मिळणे हे मर्जीवर नाही, केलेल्या सेवेबद्दलचे ते ऋण आहे, ही गोष्ट अशा आडवाटेने भारतीय कायद्यात प्रस्थापित झाली.

५. आठ मैलांचा वाद

सिद्धान्त ठरला तरी प्रत्यक्ष पैसे हाती पडताना काय घडते, याचे उदाहरण मुंबई राज्याच्या नोकरीतील एका मामलेदाराच्या प्रकरणात सापडते. माधव लक्ष्मण वैकुंठे विरुद्ध म्हैसूर राज्य या नावाने ते प्रसिद्ध आहे. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेनंतर प्रतिवादीची जागा म्हैसूर राज्याने घेतली. वादी पहिल्या श्रेणीचा मामलेदार असून जिल्हा उपजिल्हाधिकारी म्हणून हंगामी काम पाहत होता. प्रवासभत्त्याच्या बिलात ५१ मैलांऐवजी ५९ मैल दाखविल्याचा ठपका ठेवून त्याला तीन वर्षांसाठी मूळ पदावर परत पाठविण्यात आले. अर्जविनंत्या झाल्या, पण हुकूम फिरला नाही. या पदावनतीचा परिणाम पुढील बढतीवर व वेतनावर होत राहिला आणि १९५३ च्या नोव्हेंबरात तो निवृत्त झाला.

१९६१ साली सर्वोच्च न्यायालयाने ही पदावनती शिक्षेच्या स्वरूपाची होती असे मानले. हंगामी पदावरून मूळ पदावर परत पाठविणे ही प्रत्येक वेळी शिक्षा नसते. परंतु येथे हुकुमाने त्याच्या बढतीच्या वाटा रोखल्या होत्या, म्हणून वाजवी संधी देणे आवश्यक होते आणि ती दिली गेली नव्हती. सबब वेतनातील फरकाची रक्कम मिळण्यास तो पात्र ठरला. तथापि मुदत कायद्यातील १०२ व्या कलमाप्रमाणे दाव्यापूर्वीच्या तीन वर्षांपलीकडील थकबाकी बुडीत झाली. हुकूम आरंभापासूनच निरर्थक, पण त्यामुळे बुडालेला पगार मात्र आरंभापासून नाही, असा या निकालाचा व्यावहारिक अर्थ होतो.

मुदतीच्या नियमामागे कारण नाही असे नव्हे. सार्वजनिक पैशाचा हिशेब कोठेतरी बंद व्हावा लागतो, जुने कागद नष्ट होतात, साक्षीदार मिळत नाहीत. पण सरकारी नोकराच्या बाबतीत या नियमाचा जाच अधिक होतो. कारण तो प्रथम वरिष्ठांकडे अर्ज करतो, उत्तराची वाट पाहतो, सेवेत असताना सरकारविरुद्ध कोर्टात जाण्यास कचरतो, आणि या सौजन्याचा प्रत्येक महिना त्याच्या रकमेतून वजा होत जातो.

६. मराठवाड्यातील सेवक आणि न्यायालयाचे अंतर

वारंगा फाट्याच्या परिसरातील सरकारी सेवकाने एका पिढीत तीन राज्यांची नोकरी केली. १९४८ पूर्वी आणि नंतर १९५६ पर्यंत तो हैदराबाद राज्याचा सेवक होता. १ नोव्हेंबर १९५६ रोजी तो मुंबई राज्याकडे वर्ग झाला आणि १ मे १९६० रोजी महाराष्ट्राचा झाला. त्याच्या पगाराचे नाणेही बदलले. हाली शिक्क्याचे सात रुपये म्हणजे कलदार सहा रुपये, हा हिशेब त्या पिढीच्या तोंडी होता. ज्याचा पगार सत्तर रुपये हाली, त्याच्या हाती कलदार साठच पडत. हे नाणे चलनातून अधिकृतपणे रद्द होण्यास १९५९ साल उजाडले.

राज्यपुनर्रचना कायद्याच्या ११५ व्या कलमातील सातव्या पोटकलमाने अशा सेवकांस एक संरक्षण दिले : केंद्र सरकारच्या पूर्वसंमतीखेरीज त्यांच्या सेवाशर्ती त्यांना तोट्याच्या होतील अशा रीतीने बदलता येणार नाहीत. समकक्ष पद कोणते, वेतनश्रेणी कोणती, ज्येष्ठता कोठून धरावयाची, यांविषयीचे वाद त्यानंतर वर्षानुवर्षे चालले. वेतनाचा दावा बहुधा या वादांच्या पोटात असे. आधी श्रेणी ठरावयाची, मग फरक.

दाद मागण्याचे ठिकाणही दूर गेले होते. १९५६ पूर्वी मराठवाड्याचे उच्च न्यायालय हैदराबादेस होते. त्यानंतर ते मुंबईस झाले. २७ ऑगस्ट १९८१ पासून औरंगाबाद (आजचे छत्रपती संभाजीनगर) येथे न्यायाधीश बसू लागले. या व्यवस्थेलाही आव्हान देण्यात आले आणि १९८२ साली सर्वोच्च न्यायालयाने ती वैध ठरविली. पुढे १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्यान्वये महाराष्ट्रात १९९१ पासून न्यायाधिकरण सुरू झाले व त्याचे एक पीठ औरंगाबादेस आले. १९९७ च्या एल. चंद्रकुमार प्रकरणानंतर न्यायाधिकरणाच्या निर्णयाविरुद्ध उच्च न्यायालयात जाता येते. वेतनाच्या दाव्याचा मार्ग मात्र नोकर कोणाचा यावर आजही अवलंबून आहे. तहसील कचेरीतील कारकुनास न्यायाधिकरणाकडे जावे लागते. त्याच गावातील जिल्हा परिषदेच्या शिक्षकास उच्च न्यायालयात.

७. एका रुपयाचा निर्वाहभत्ता

वेतन हे ऋण आहे असे मान्य झाल्यावर, सेवा प्रत्यक्ष चालू नसलेल्या काळाचे काय, हा प्रश्न पुढे आला. निलंबित नोकर काम करीत नाही. पण त्याचा सेवेशी संबंधही तुटलेला नसतो आणि त्याला अन्यत्र नोकरी करता येत नाही. म्हणून त्याला निर्वाहभत्ता मिळतो. मुंबई मुलकी सेवा नियमांतील १५१ व्या नियमाच्या एका परंतुकाने मात्र असे ठरविले होते की, फौजदारी न्यायालयाने दोषी ठरवून कारावासाची शिक्षा दिलेल्या निलंबित नोकरास, त्याचे अपील प्रलंबित असताना, महिना एक रुपया निर्वाहभत्ता द्यावा.

महाराष्ट्र राज्य विरुद्ध चंद्रभान ताले या प्रकरणात १९८३ साली सर्वोच्च न्यायालयाने हे परंतुक रद्दबातल केले. एका रुपयात निर्वाह होत नाही, म्हणून त्याला निर्वाहभत्ता म्हणणे ही थट्टा होय. शिवाय पोटाची सोय नसलेला मनुष्य स्वतःचा बचावही करू शकत नाही, असा या निकालाचा आशय आहे. याच्या दहा वर्षे आधी, १९७३ मध्ये, घनश्यामदास श्रीवास्तव यांच्या प्रकरणात न्यायालयाने हीच गोष्ट दुसऱ्या बाजूने पाहिली होती. निर्वाहभत्ता न मिळाल्यामुळे त्या नोकराला दूरच्या गावी चाललेल्या चौकशीस हजर राहता आले नव्हते. म्हणून ती चौकशीच सदोष ठरविली गेली.

निवृत्तिवेतनाबाबतही हीच दिशा राहिली. १९७१ च्या देवकीनंदन प्रसाद प्रकरणात निवृत्तिवेतन ही सरकारच्या मर्जीने मिळणारी देणगी नसून ती सेवकाची मालमत्ता आहे, असे ठरले. १९८२ च्या डिसेंबरात नकारा प्रकरणात हा विचार आणखी विस्तारला. बिहारमधील सरकारी महामंडळांच्या कर्मचाऱ्यांचे पगार वर्षानुवर्षे थकून उपासमारीने मृत्यू झाल्याची तक्रार न्यायालयापुढे आली, तेव्हा महामंडळ ही स्वतंत्र व्यक्ती आहे एवढे सांगून राज्याला हात झटकता येणार नाहीत, अशी भूमिका कपिला हिंगोरानी प्रकरणात २००३ साली घेतली गेली आणि राज्याने प्रारंभी पन्नास कोटी रुपये जमा करावेत असा हुकूम झाला.

८. मुदत आणि व्याज

येथवरचा प्रवास मर्जीकडून हक्काकडे झाला आहे, यात शंका नाही. तरीही जुन्या व्यवस्थेची खूण दोन ठिकाणी शिल्लक दिसते. पहिले ठिकाण मुदतीचे. वेतननिश्चिती चुकली असेल तर दरमहा नवे कारण निर्माण होते, असे १९९५ च्या एम. आर. गुप्ता प्रकरणात मान्य झाले. पण थकबाकी सामान्यतः अर्जापूर्वीच्या तीन वर्षांपुरतीच मिळेल, हे २००८ च्या तरसेमसिंग प्रकरणात पुन्हा सांगितले गेले. १९४७ मधील ताराचंद प्रकरणाची मर्यादा अशा रीतीने टिकून आहे.

दुसरे ठिकाण व्याजाचे. पामर पेढीचे व्याज पहिल्या दिवसापासून चालू झाले, कारण तो तिच्या व्यवहाराचाच भाग होता. सेवकाच्या थकलेल्या पगारावरील व्याज मात्र बहुधा न्यायालयाच्या विवेकावर अवलंबून असते. केरळ राज्य विरुद्ध पद्मनाभन नायर या १९८४ च्या निकालात निवृत्तिवेतनास विनाकारण विलंब झाल्यास व्याज द्यावे असे म्हटले गेले. महामारीच्या काळात आंध्र प्रदेश सरकारने वेतन व निवृत्तिवेतनाचा काही भाग देणे पुढे ढकलले, तेव्हा फेब्रुवारी २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सेवकांचा हक्क मान्य केला. तथापि उच्च न्यायालयाने दिलेले बारा टक्के व्याज सहा टक्क्यांवर आणले. व्याज हे सरकारला शिक्षा म्हणून द्यावयाचे नाही, असे त्यामागील कारण होते. हे कारण समंजस आहे. परंतु पगार थांबला त्या काळात सेवकाने घर चालविण्यासाठी जे कर्ज काढले असेल, त्याचा दर कोणा न्यायालयाच्या विवेकाने ठरलेला नसतो.

हिंगोलीच्या छावणीचा शिपाई आणि त्याच परिसरातील आजचा सरकारी सेवक यांच्यात मोठे अंतर आहे. शिपायाजवळ धरण्याखेरीज उपाय नव्हता. आजच्या सेवकाजवळ संविधान आहे, न्यायाधिकरण आहे, आणि १९५४ पासूनची निर्णयपरंपरा आहे. त्याचा हक्क आता कोणी नाकारीत नाही. वादाचा विषय उरला आहे तो कालावधीचा : पैसा किती उशिरा येतो आणि त्या उशिराची किंमत कोण सोसतो. १८५३ मध्ये त्या उशिराची किंमत एका राज्याने प्रांत देऊन धनकोस चुकती केली. सेवकाच्या बाबतीत ती आजही, तीन वर्षांच्या मर्यादेने आणि विवेकाधीन व्याजाने, पुष्कळ अंशी त्याच्याच पदरी टाकली जाते. वेतन हे ऋण आहे ही गोष्ट कायद्याने मान्य केली. ते इतर ऋणांइतकेच तत्परतेने फेडावयाचे ऋण आहे, ही मान्यता अद्याप पूर्ण व्हावयाची आहे.